नाचाच्या अलीकडचं, नाचाच्या पलीकडचं

प्रति,
महाराष्ट्रातल्या लहान-मोठ्या फिल्म सोसायट्यांच्या कार्यकारिणी आणि तिथे कार्यक्रम ठरवणारी मंडळी यांस,

स.न.वि.वि.

तुमच्यापैकी एका सोसायटीची मी बावीस वर्षांची वर्गणीदार आहे. माझी खुर्ची मागून तिसऱ्या रांगेत, दाराजवळची, कारण शेवटची बस साडेनवाची असते. पोटापाण्यासाठी बँकेत होते आणि हौसेपोटी नाटकांचा कपडेपट सांभाळला. राज्य नाट्यस्पर्धेच्या दिवसांत सुईदोरा घेऊन विंगेत बसणारी, हुक तुटला की अंधारात टाका घालणारी बाई आहे मी. चित्रपटावर लिहिण्याचा माझा अधिकार तेवढाच, हे आधीच सांगून टाकते.

मागे एका सोसायटीने मूकपटांचा आठवडा केला. नाव घेत नाही, मंडळी भली आहेत आणि चहा चांगला देतात. पहिल्या दिवशी 'मूकपटातल्या बायका' म्हणून वेगवेगळ्या चित्रपटांचे तुकडे जोडलेली वीसेक मिनिटांची फीत दाखवली. त्यात दोन मिनिटं आस्ता नीलसनला मिळाली. निवेदकाने सांगितलं, 'ही डेन्मार्कची, पडद्यावरची पहिली व्हँप.' व्हँप म्हणजे पुरुषांना नादी लावून त्यांचं रक्त शोषणारी बाई. मग काळ्या घट्ट पोशाखातली एक सडपातळ बाई दिसली. हातात दोर, समोर गुराख्याच्या वेशातला पुरुष. ती त्याच्याभोवती फिरते, दोराने त्याला जखडते, अंगाला अंग घासते. तुकडा इतका भरभर पळत होता की दोघं किल्लीच्या खेळण्यासारखी वाटत होती, आणि खाली कुणीतरी बँजोचं टणटण संगीत लावलं होतं. हॉल हसला. मीही हसले, खोटं कशाला बोलू.

घरी आल्यावर नातवाकडून तो चित्रपट शोधून घेतला आणि रात्री एकटीने, पूर्ण, योग्य वेगात पाहिला. तेव्हा कळलं की आम्ही कशाला हसलो होतो. म्हणून हे पत्र.

चित्रपटाचं डॅनिश नाव 'अफग्रुन्डन'. आपल्या भाषेत 'दरी' म्हणा, 'खोल गर्ता' म्हणा. साल १९१०. गोष्ट साधी आहे. माग्दा वांग (हीच आस्ता) ही कोपनहेगनमधली पियानो शिकवणारी मुलगी. ट्रॅममध्ये तिची क्नूद नावाच्या पाद्र्याच्या मुलाशी ओळख होते आणि तो तिला गावाकडे आईवडिलांच्या घरी नेतो. तिथे सर्कस येते. सर्कशीतला रुडॉल्फ तिच्याबरोबर नाचतो, रात्री खिडकीला शिडी लावतो आणि ती त्याच्याबरोबर निघून जाते. पुढे रुडॉल्फ इतर बायकांमागे आणि ही रुडॉल्फमागे. शेवटी ती एका बागेतल्या हॉटेलात पियानो वाजवते. तिथे क्नूद पुन्हा भेटतो, रुडॉल्फ मध्ये घुसतो, झटापट होते, माग्दाच्या हाती सुरी येते आणि रुडॉल्फ मरतो. अशी कथानकं तेव्हा पायलीला पन्नास होती, हे मान्य. क्नूदचं काम करणारा रॉबर्ट दिनेसन बऱ्याच वेळा लाकडी वाटतो, हेही मान्य. पण ती ट्रॅम खरी आहे, रस्ता खरा आहे, आणि ट्रॅममधली ही बाई आपल्याला कुणी पाहत नाहीये अशा बेताने वावरते. १९१० साली पडद्यावर अशी वागणारी माणसं फार नव्हती. बहुतेक जण शेवटच्या रांगेतल्या बहिऱ्यालाही कळावं म्हणून हातवारे करत होते.

आता तो नाच. माझ्यासारख्या विंगेतल्या बाईच्या लगेच लक्षात आलं की कॅमेरा प्रेक्षकांत नाहीच, तो रंगमंचाच्या बाजूला उभा आहे. प्रेक्षक आपल्याला दिसत नाहीत. जोडी नाचते आहे ती कुणा तिसऱ्यांसाठी, आणि आपण ते कडेने पाहतो, जसं मी आयुष्यभर पाहिलं. दिग्दर्शकाने मध्ये फार कापाकापीही केलेली नाही. दोघांची पूर्ण शरीरं डोक्यापासून पावलांपर्यंत सतत समोर आहेत, त्यामुळे लपायला जागाच नाही. आणि गोष्टीत हा नाच कुठे येतो ते पाहा. रुडॉल्फ तिच्या हातात राहत नाही. तो दुसरीकडे लघळपणा करतो आणि ती जळत असते. घरी तिला त्याला धरून ठेवता येत नाही. या एका खेळात मात्र तिच्या हातात दोर आहे. तेवढी दोन मिनिटं तो कुठे जाऊ शकत नाही. ती त्याला बांधते तेव्हा तिच्या अंगात मस्ती आहे आणि चेहऱ्यावर भूक, पण ती भूक फक्त कामवासनेची नाही. सोडून जाऊ नये म्हणून एखाद्याला घट्ट धरतात तशी ती आहे. हे आधीची वीस मिनिटं पाहिल्याशिवाय कळणार कसं? तुम्ही दाखवलेल्या तुकड्यात नुसता दोर होता.

या नाचावर नॉर्वे-स्वीडनच्या सेन्सॉरने तेव्हाच कात्री चालवली होती. म्हणजे तेव्हाच्या नीतिरक्षकांनी नाच कापला आणि बाकीचा चित्रपट दाखवला. शंभर वर्षांनी तुम्ही बाकीचा चित्रपट कापला आणि नाच दाखवला. दोघांनीही एकच चूक दोन टोकांनी केली असं मला वाटतं.

'व्हँप' हा शब्दही तिच्या गळ्यात घालू नका. तो रूढ झाला १९१५ च्या सुमारास, अमेरिकेत, थेडा बारा नावाच्या नटीच्या निमित्ताने. माग्दा कुणाचं रक्त शोषत नाही. उलट तीच हळूहळू रिकामी होत जाते.

मुळात हा चित्रपट आस्ताला चित्रपटात जायचं म्हणून झालाच नव्हता. आस्ता ११ सप्टेंबर १८८१ ची. जन्म कोपनहेगनच्या वेस्टरब्रो भागात, कामगार वस्तीत. वडील लोहार, पण हाताला काम कमीच मिळायचं. आई लोकांचे कपडे धुवायची. काही वर्षं हे कुटुंब समुद्रापलीकडे, स्वीडनच्या माल्मो शहरात राहिलं. ती चौदाची असताना वडील गेले. अठराव्या वर्षी तिला राजेशाही नाट्यगृहाच्या अभिनयशाळेत प्रवेश मिळाला, धोबिणीच्या घरातल्या मुलीला. १९०१ मध्ये लग्नाशिवाय मुलगी झाली, येस्ता. मुलीचा बाप कोण हे तिने शेवटपर्यंत सांगितलं नाही. आई आणि बहिणीच्या मदतीने मुलगी वाढवली आणि नाटक सोडलं नाही. मग आठ वर्षं नाटकं, नॉर्वे-स्वीडनचे दौरे, पुन्हा कोपनहेगन. भूमिका बहुतेक छोट्या. आवाज खोल, जाडसर. चेहरा त्या काळच्या बाहुलीसारख्या नायिकांच्या साच्यात न बसणारा. अंग काठीसारखं. आमच्याकडेही असं होतं. नायिकेचा शालू जिच्या अंगावर नीट बसतो तिलाच नायिकेचं काम. शालू आत घेता येतो, हे दिग्दर्शकाला कधी सुचत नाही.

तिच्याच नाट्यगृहात काम करणारा उर्बान गाड हा तिचा जोडीदार झाला. दोघांनी ठरवलं की एक चित्रपट काढायचा, म्हणजे नाट्यगृहांचे संचालक तिला बघतील आणि मोठ्या भूमिका देतील. 'कोस्मोरामा' या चित्रपटगृहाचा व्यवस्थापक यालमार दाविडसन याने पैसे घातले, आठेक हजार क्रोनर. चित्रीकरण आठ दिवसांत उरकलं. दिग्दर्शन गाडचं, कॅमेऱ्यावर आल्फ्रेड लिंड होता. १२ सप्टेंबर १९१० ला, तिच्या एकोणतिसाव्या वाढदिवसाच्या दुसऱ्या दिवशी, कोस्मोरामात पहिला खेळ झाला. (उर्बानची आई एम्मा गाड ही नाटककार होती, आणि डेन्मार्कमध्ये चारचौघांत कसं वागावं यावरचं सर्वांत गाजलेलं पुस्तक पुढे तिनेच लिहिलं. मुलाने मात्र हा नाच काढला. घरात जेवताना काय बोलणं झालं असेल, असं मला राहून राहून वाटतं.)

नाट्यगृहांनी काय केलं? ज्याला तिने दोराने बांधलं तो पोल रॉयमर्ट पुढे राजेशाही नाट्यगृहाचा आधारस्तंभ झाला, डॅनिश रंगभूमीवरच्या थोर नटांत त्याची गणना होते. नाच दोघांचा होता. त्याला त्या नाचाचा डाग लागला नाही. आणि जिच्यासाठी एवढा सगळा घाट घातला, तिची रंगभूमी मात्र सुटली. तिला बोलावणं आलं ते जर्मनीतून.

आता तुमच्या कार्यक्रमपत्रिकेतल्या एका शब्दाबद्दल. तुम्ही तिला 'डॅनिश मूकपटांची सम्राज्ञी' म्हणता. सगळे मिळून सत्तरेक चित्रपट तिने केले आणि त्यातले डेन्मार्कमधले फक्त चार. 'अफग्रुन्डन', मग १९११ मध्ये दोन आणि १९१९ मध्ये एक. बस्स. त्या काळी डेन्मार्क चित्रपटांच्या धंद्यात लहान देश नव्हता. १९०६ मध्ये ओले ओल्सनने स्थापलेली नॉर्डिस्क कंपनी, पृथ्वीच्या गोलावर उभं पांढरं अस्वल हे तिचं चिन्ह, जगभर चित्रपट पाठवत होती. तिच्या चार डॅनिश चित्रपटांतले दोन या कंपनीचे. तरी ती तिथे राहिली नाही. १९११ मध्ये ती आणि गाड जर्मनीला गेली. सम्राज्ञी म्हणायचं तर राज्य दुसऱ्याच देशात होतं, एवढं तरी पत्रिकेत येऊ द्या.

जर्मनीतलं सगळं सांगत बसत नाही, पण धंद्याची एक गोष्ट सांगते, कारण बँकेत होते आणि हिशेबात मन रमतं. त्याआधी चित्रपट कापडासारखा मीटरवर विकला जायचा. प्रत विकत घ्या, फाटेपर्यंत चालवा, शेजारचाही तीच घेऊन चालवतो. 'अफग्रुन्डन' जर्मनीत गेला तेव्हा वितरकाने वेगळी चाल केली. एका भागात तो दाखवायचा हक्क एकालाच दिला आणि त्याची किंमत लावली. जर्मनीतला असा हा पहिला चित्रपट मानतात. पुढे पाउल दाविडसन या निर्मात्याने तिच्या नावावर वर्षाची मालिकाच विकायला काढली. चित्रपट बनायच्या आधी, फक्त 'आस्ता नीलसन' या नावावर थिएटरवाले पैसे मोजू लागले. नट-नटीच्या नावावर चित्रपट विकायची ही आज आपल्याला जन्मजात वाटणारी पद्धत रुळली त्यात या धोबिणीच्या मुलीचा मोठा वाटा आहे. आणि नावावर पैसा आला म्हणून कथा, पोशाख, काम कसं व्हावं यात तिचा शब्द चालू लागला.

सालाचा एक हिशेब करून बघा. १९१३ मध्ये आपल्याकडे फाळक्यांच्या 'राजा हरिश्चंद्र'मध्ये तारामतीचं काम साळुंके नावाच्या पुरुषाने केलं, कारण कुणी बाई तयार होईना. मग त्याच वर्षी दुर्गाबाई कामत आणि त्यांची लेक कमलाबाई 'मोहिनी भस्मासुर'साठी कॅमेऱ्यासमोर उभ्या राहिल्या. बर्लिनमध्ये त्याच वर्षी आस्ता मताच्या हक्कासाठी लढणारी इंग्रज बाई रंगवत होती. तुरुंगात उपोषण करणाऱ्या त्या बाईला बळजबरीने अन्न भरवण्याचा प्रसंग सेन्सॉरला झेपला नाही. फाळक्यांना कमी लेखायला मी हे सांगत नाही. उलट दुर्गाबाईंना किती धाडस लागलं असेल ते यामुळे जास्त कळतं.

तुमच्या मनात आस्ता कायम दुःखी, काजळ माखलेल्या डोळ्यांची बाई आहे. तिने विनोदी कामं किती केली ते पाहा. १९१४ च्या 'एंगेलाइन'मध्ये ती सतरा वर्षांची मुलगी आहे आणि वारशासाठी अमेरिकेतल्या काकासमोर तिला बारा वर्षांची असल्याचं सोंग करायचं आहे. आस्ता स्वतः तेव्हा तिशी ओलांडलेली, एका मुलीची आई. आखूड फ्रॉक, मोजे, आणि चोरून सिगारेट ओढायची हुक्की आलेली ती पोर. पोटऱ्या दिसल्या की वय दिसतं, हे कपडेपटात कुणालाही विचारा. ती मात्र गुडघे असे आत वळवून उभी राहते की वय गळून पडतं. 'झापाताची टोळी'मध्ये दरोडेखोरांचा चित्रपट काढायला निघालेली मंडळी खरीच दरोडेखोर समजली जातात आणि ही पुरुषी वेशात धुमाकूळ घालते. हे दोन तरी दाखवा. सगळंच दाखवा असं मी म्हणणार नाही. एस्किमो बाईवरचा तिचा एक विनोदी चित्रपट मी अर्ध्यावर बंद केला. ग्रीनलंडच्या माणसांची त्यात टिंगल आहे, आणि तिचं काम चांगलं आहे म्हणून ती गोड लागत नाही.

'हॅम्लेट' मात्र दाखवाच. १९२१ चा. स्वतःची निर्मिती संस्था काढून तिने तो केला. त्यात हॅम्लेट पुरुष नाहीच. राणीला मुलगी होते, तेवढ्यात राजा लढाईत पडल्याची बातमी येते आणि गादी जाऊ नये म्हणून मुलगा झाल्याचं जाहीर करतात. राजा जिवंत परततो, पण सांगितलेलं खोटं मागे घेता येत नाही. ती मुलगी राजपुत्र म्हणून वाढते, होरेशिओवर मनातून जीव टाकते आणि त्याला ते सांगू शकत नाही. एका अमेरिकन अभ्यासकाने १८८१ मध्ये हॅम्लेट मुळात बाई असावी असा तर्क लढवला होता, त्यावरून हे घेतलेलं. आगरकरांनी 'विकारविलसित' केलं आणि गणपतराव जोशांनी तो हॅम्लेट गाजवला, त्या परंपरेतल्या आपल्या माणसांना हे पाखंड वाटेल. वाटू द्या. काळ्या अंगरख्यातली ती सडसडीत आकृती जिन्यात पाय पसरून बसते तेव्हा पुरुषाचं सोंग घेतलेली बाई असं ती करत नाही. पुरुष म्हणून वाढवलेली बाई ती करते. या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. सोंग घेतलेली बाई चालताना खांदे रुंद करते. ही तसं करत नाही, सवय असलेल्या माणसासारखी निवांत चालते, आणि होरेशिओ जवळ आला की मात्र तिचे हात काय करावं हे विसरतात.

त्याच १९२१ मध्ये, ८ जुलैला, मुंबईत संयुक्त 'मानापमान' झालं. भामिनी बालगंधर्व, धैर्यधर केशवराव भोसले. आपल्याकडे पुरुष बाई होत होता आणि तिकडे बाई पुरुष होत होती. दोन्हीकडे खरी कमाल शालूत किंवा तुमानीत नव्हती. एखादी सोसायटी हॅम्लेटच्या खेळाआधी बालगंधर्वांवर अर्धा तास बोलणारं माणूस बोलावेल तर मी वर्गणी दुप्पट देईन.

आणखी एक तक्रार राहिलीच. पाब्स्ट या दिग्दर्शकाचा १९२५ चा 'आनंद नसलेली गल्ली' तुमच्याकडे दाखवतात तेव्हा पाटीवर लिहिलेलं असतं, 'ग्रेटा गार्बोचा सुरुवातीचा चित्रपट'. तेव्हा गार्बो नवखी होती आणि मोठं नाव आस्ताचं होतं. युद्धानंतरचं व्हिएन्ना, मटणासाठी रात्रभरच्या रांगा, आणि त्यात देशोधडीला लागलेली मारिया, म्हणजे आस्ता. पण चित्रपट देशोदेशी गेला तसा कापला गेला आणि परदेशातल्या काही प्रतींत मारियाचीच गोष्ट बरीचशी उडाली. पुन्हा कात्री, पुन्हा तिच्यावरच. तुम्ही प्रत मागवताना लांबी तपासा एवढंच म्हणणं आहे. ज्या प्रतीत मारिया जेमतेम दिसते ती प्रत दाखवून गार्बोवर टाळ्या घेऊ नका.

बोलपट आल्यावर आस्ताने एकच केला, १९३२ मध्ये, आणि थांबली. नाझींनी तिला स्वतःची चित्रपटसंस्था देऊ केली होती आणि आपण ती नाकारली, असं ती सांगायची. १९३० च्या दशकाच्या उत्तरार्धात ती कोपनहेगनला परतली. कथापटात पुन्हा काम केलं नाही. आठवणी लिहिल्या. आणि मला ज्या गोष्टीने सर्वांत जवळची वाटली ती ही, की उतारवयात ती कापडाचे तुकडे जोडून चित्रं करत बसायची. रंगीत चिंध्यांतून माणसं उभी करायची. माझ्याकडे पत्र्याच्या दोन पेट्या भरून असे तुकडे आहेत, फेकवत नाहीत.

१९६८ मध्ये, सत्त्याऐंशीच्या उंबरठ्यावर, तिने स्वतःवरचा माहितीपट स्वतःच दिग्दर्शित केला. दुसऱ्याने केलेलं पसंत पडलं नव्हतं. १९७० मध्ये, अठ्ठ्याऐंशीव्या वर्षी, लग्न केलं. २५ मे १९७२ ला गेली. दुसऱ्याने आपले तुकडे कसे जोडावेत याबद्दल ती नव्वदीच्या जवळ येऊनही इतकी हट्टी होती, म्हणून तुमच्या त्या वीस मिनिटांच्या जोडफितीचा मला जास्तच राग आला.

आता कामाचं. तुमचं उत्तर मला पाठ आहे. 'ताई, प्रेक्षक येत नाहीत, आणि असले चित्रपट मिळत नाहीत.' 'अफग्रुन्डन' सदतीस-अडतीस मिनिटांचा आहे. तुमच्या अध्यक्षांचं प्रास्ताविक कधीकधी तेवढं होतं. आणि मिळत नाही हे तर आता म्हणूच नका. डॅनिश फिल्म इन्स्टिट्यूटने आपल्याकडचे मूकपट नीट करून संकेतस्थळावर फुकट पाहायला ठेवले आहेत. सार्वजनिक खेळासाठी परवानगी लागेल तर पत्र पाठवा. पत्र लिहायला मी बसते.

वेगाचं मात्र मनावर घ्या. त्या काळी कॅमेरा हाताने फिरवायचे, सेकंदाला सोळा-अठरा चित्रं, कधी त्याहून कमी-जास्त. बोलपटापासून चोवीस ठरली. सोळाचा चित्रपट चोवीसने पळवला की सगळं दीडपट वेगात जातं. सदतीस मिनिटांचा खेळ पंचवीस मिनिटांत संपतो आणि माणसं टुणटुण उड्या मारायला लागतात. आम्ही त्या दिवशी हसलो ते या गणिताला हसलो. आस्ता नीलसनचं सगळं काम थांबण्यात आहे. ती मान वळवण्याआधी थांबते, उत्तर देण्याआधी थांबते. वेग वाढवला की सर्वांत आधी ते थांबणंच गायब होतं. तुमच्या प्रोजेक्टरवाल्या मुलाला हे माहीत नसतं, त्याचा दोष नाही. त्याला कुणी सांगितलेलं नाही.

आणि बँजो नको. पियानो वाजवणारं कुणी मिळालं तर उत्तम, माग्दाही पियानोच वाजवते. नाही मिळालं तर पेटी चालेल, पण वाजवणाऱ्याने आधी दोनदा चित्रपट पाहिलेला असावा. तोही नसेल तर शांततेत दाखवा. पंख्याचा आवाज पुरेल.

शेवटचा प्रसंग तर शांततेतच बघण्याचा आहे. रुडॉल्फ मेला आहे. ती आधी प्रेताला बिलगलेली असते. मग पोलिस तिला घेऊन निघतात. त्या काळच्या रीतीप्रमाणे इथे केस ओढायचे, छाती पिटायची, आकाशाकडे हात करायचे. ती यातलं काही करत नाही. ती चालते. डोळे सताड उघडे, नजर कुठेच लागलेली नाही, अंगातून कुणीतरी दोरा ओढून घेतल्यासारखी. क्नूद तिथेच आहे आणि तो तिला दिसत नाही. आमच्याकडे एका नटीने अशा प्रसंगात परीक्षकांसाठी म्हणून हंबरडा फोडला होता आणि तिला बक्षीसही मिळालं. तेव्हा मी विंगेत टाळ्या वाजवल्या होत्या. आता ती भेटली तर तिला हा चित्रपट दाखवीन.

चित्रपटात मध्ये मध्ये येणाऱ्या मजकुराच्या मूळ पाट्या फार नाहीत. त्यांचं मराठी मी एका वहीत करून ठेवलं आहे. ते पडद्याखाली टाकता येत नसेल तर मी माइकवरून वाचीन, फक्त दिवा लावायचा नाही, माझ्याकडे छोटी बॅटरी आहे. पावसाळ्यात तुमचे शनिवार बरेचसे रिकामे जातात, त्यातला एक द्या. खेळ सहाचा ठेवा म्हणजे चर्चा होऊनही मला साडेनवाची बस मिळेल. खुर्च्या मांडायला मी पाचलाच येते.

आपली,
मागून तिसऱ्या रांगेतली एक सभासद
(यंदाची वर्गणी भरलेली आहे, पावती जवळ आहे)